शब्दचर्चा : माज, पीळ आणि बतावणी

विचारणा (सदाशिव पेठ) : रुमानियाचे हुकूमशहा निकोलाय चाउशेस्कू यांच्या अखेरच्या दिवसांवर लेख लिहीत आहे. सत्ता गेल्यावरही सत्ताधीशाच्याच थाटात वागणाऱ्या माणसाच्या मनःस्थितीला ‘माज’ म्हणता येईल का?

उत्तर (एरंडवणे) : माझ्या मते नाही. माज सत्तेच्या किंवा पैशाच्या बळावर चढतो आणि ते बळ सरले की उतरतो. 21 डिसेंबर 1989 रोजी बुखारेस्टमध्ये सज्जातून भाषण करताना जमावातून हुर्यो उठली, तेव्हा चाउशेस्कूंचा उंचावलेला हात आणि गोंधळलेला चेहरा साऱ्या देशाने दूरचित्रवाणीवर पाहिला. त्यानंतर त्यांनी पगारवाढ जाहीर केली, त्याला ‘उसने अवसान’ म्हणावे. परंतु चारच दिवसांनी, तर्गोविश्तेच्या लष्करी छावणीत, अंगात ओव्हरकोट आणि पुढ्यात साधे टेबल अशा अवस्थेतही हे गृहस्थ, आपण फक्त राष्ट्रीय महासभेलाच उत्तर देऊ, असे लष्करी न्यायासनाला बजावत राहिले आणि मधूनच मनगटावरचे घड्याळ पाहत राहिले. हा ‘पीळ’ होय. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही, ही म्हण येथे अक्षरशः लागू पडते. (सुंभ म्हणजे काथ्याची दोरी, हे आता पुण्यातही सांगावे लागते.) त्याच दिवशी त्यांना गोळ्या घालण्यात आल्या.

पुरवणी (कोथरूड) : ‘पीळ’ योग्यच आहे, पण त्याला सत्ता गेल्याची जाणीव असावी लागते. पोर्तुगालचे सालाझार 1968 मध्ये खुर्चीवरून पडले, पुढे मेंदूतील रक्तस्रावाने अंथरुणाला खिळले आणि त्यांच्या जागी कायतानू यांची नेमणूक झाली. मात्र हे त्यांना सांगण्यास कोणीच धजावले नाही. मंत्री भेटीस येत, कारभाराच्या गोष्टी करत, आणि 1970 मध्ये मरेपर्यंत सालाझार स्वतःला पंतप्रधानच समजत होते, असे सांगतात. यात पीळ नाही. भ्रम त्यांचा आणि बतावणी भोवतालच्यांची. सोंग एकट्याला वठवता येते, बतावणीला मात्र, तमाशातल्याप्रमाणेच, समोरून बोलणारा लागतो.

विचारणाकर्ता : आभारी आहे. सज्जाखालचा जमावही कारखान्यांतून आणवलेला होता आणि त्याच्या हाती चाउशेस्कूंच्याच तसबिरी होत्या. तेव्हा ‘बतावणी’ तेथे योजतो आणि ‘पीळ’ तर्गोविश्तेसाठी राखून ठेवतो. ‘माज’ खोडला आहे.