धार काढताना गाय अचानक लाथ झाडते: खोड की दुखणं?

माळरान: दुसऱ्या वेताची एचएफ (होल्स्टीन फ्रीजियन) संकरित गाय, व्यायला दीड महिना झाला. स्वभाव गरीब. आठ दिवसांपासून मागच्या उजव्या सडाला हात लागला की लाथ झाडते, पान्हाही अर्धवट सोडते. ताप नाही, वैरण खाते. पाय बांधून धार काढावी का?

पशुवैद्य_डी: पाय बांधू नका. गरीब गाय अचानक लाथ मारू लागली तर आधी दुखणंच शोधायचं. त्यातून एकाच सडावर झाडते, म्हणजे जागा तिनंच दाखवली आहे. सडाला भेग, फोड, कास आणि मांडीच्या बेचक्यात गोचीड किंवा जखम आहे का पाहा. पहिल्या तीन-चार धारा काळ्या कपड्यावर घ्या, गुठळ्या दिसतील. दूध चांगलं दिसलं तरी सीएमटी (कासदाह म्हणजे कासेची सूज ओळखायची चाचणी) कराच: चार कपांत चार सडांचं साधारण ३-३ मिली दूध, तेवढंच या चाचणीचं द्रावण, १० सेकंद गोल फिरवा. जेलीसारखं झालं तर त्या सडात कासदाह. आणि धार काढणारा अंगठा दुमडून काढतो का? त्यानं सड आतून दुखावतो. पूर्ण मुठीनं काढा.

गोठा_सातारा: पान्ह्याचं कारणही तेच. कास चोळल्यावर मिनिटभरात ऑक्सिटोसिन (पान्हा सोडायला लावणारं संप्रेरक) उतरतं, जोर पाच-सात मिनिटंच टिकतो. गाय घाबरली, दुखलं, की अ‍ॅड्रेनॅलिन (भीतीच्या वेळी सुटणारं संप्रेरक) त्याला अडवतं. मग दूध कासेत राहतं आणि कासदाह बळावतो. पान्ह्याचं इंजेक्शन हा त्यावर इलाज नव्हे, कृपया देऊ नका.

माळरान: सीएमटी केली. मागच्या उजव्या सडाचा कप घट्ट झाला, बाकी तीन पातळ.

पशुवैद्य_डी: मग तो सड सगळ्यात शेवटी पिळा, दूध वेगळं काढून टाका. डॉक्टरांना अँटिबायोटिकच्या आधी नमुना घ्यायला सांगा: सडाचं टोक स्पिरिटनं पुसून, पहिल्या धारा सोडून, निर्जंतुक बाटलीत. नंतर घेतलेल्या नमुन्यात जंतू सापडेलच असं नाही.

तपासताना थेट मागून जाऊ नका, तिथलं तिला दिसत नाही. आवाज देत खांद्याकडून जा, हात पाठीवर ठेवा आणि न उचलता कासेपर्यंत न्या. तरी झाडली तर शेपूट बुडाशी दोन्ही हातांनी धरून सरळ वर उचला. टोकाकडं धरून पिळलंत तर मणका मोडतो. दुखणं गेल्यावरही काही दिवस ती बिचकेल. तेवढे दिवस माणूस बदलू नका, धारेआधी खुराक पुढ्यात ठेवा.