डॅनिश चित्रपट-टीव्ही संगीतकाराची कारकीर्द प्रत्यक्षात कशी चालते?

मंद्रसप्तक (मूळ प्रश्न)

'फोरब्रुडेल्सन', 'बोर्गन' आणि 'ब्रोएन' या मालिका संगीताकडे कान लावून पुन्हा पाहिल्या की काही प्रश्न पडतात. डेन्मार्कची लोकसंख्या साठ लाखांच्या आसपास. तिथे वर्षाला चित्रपट बनणार किती आणि मालिका किती? तरी तिथले संगीतकार आयुष्यभर याच कामावर उभे राहतात. ते कसं?

दुसरा प्रश्न कामाचा. 'फोरब्रुडेल्सन'च्या पहिल्या पर्वाचे २० भाग आहेत. फ्रान्स बाक या एकाच संगीतकारानं इतकं संगीत लिहिलं, तर प्रत्येक भागाला नव्यानं लिहिलं की आधी साठा करून ठेवला?

तिसरा प्रश्न म्हणजे, डॉग्म ९५ मध्ये (डॅनिश दिग्दर्शकांनी १९९५ मध्ये केलेली चित्रपटांची नियमावली) पार्श्वसंगीताला बंदी होती. त्यामुळेच डॅनिश संगीत इतकं मोजकं झालं, असं बऱ्याच ठिकाणी लिहिलेलं असतं. यात तथ्य किती?

जुनंरीळ

पहिल्या प्रश्नासाठी बेंट फाब्रिसियुस-ब्येर यांची कारकीर्द पाहा. जन्म ७ डिसेंबर १९२४, फ्रेडरिक्सबर्ग. निधन २८ जुलै २०२०. पियानोवादक म्हणून सुरुवात, आणि १९५० मध्ये मेट्रोनोम ही स्वतःची रेकॉर्ड कंपनी. डॅनिश टीव्हीवर ते पियानोभोवतीचा एक कार्यक्रम सादर करत. त्याच कार्यक्रमाच्या नावाची धून पुढे अमेरिकेत 'ॲली कॅट' या नावानं निघाली, १९६२ मध्ये बिलबोर्डच्या मुख्य यादीत सातव्या क्रमांकापर्यंत गेली आणि १९६३ मध्ये तिला ग्रॅमी मिळालं. गंमत म्हणजे पुरस्काराचा विभाग होता रॉक अँड रोल! रेकॉर्डवर कलाकाराचं नाव बेंट फॅब्रिक आणि संगीतकाराचं फ्रँक ब्यॉर्न. दोन्ही तेच.

त्यानंतर १९६८ पासून 'ओल्सेन बांदेन'ची चित्रपटमालिका आणि १९७८ ते १९८२ या काळात 'मातादोर' या टीव्ही मालिकेचे २४ भाग, यांचं संगीत. दोन्हींचे दिग्दर्शक एरिक बालिंग. तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथेच आहे. वादक, संगीतकार, कंपनीचा मालक आणि टीव्हीवरचा चेहरा, अशा चार वाटांनी त्यांच्याकडे काम येत होतं आणि चारही वाटांवर तीच माणसं भेटत होती. लहान देशात ही जोड लागतेच.

उरलेलं अर्धं उत्तर जोड्यांमध्ये आहे. लार्स फॉन ट्रिअर यांच्या 'युरोपा' (१९९१) आणि 'रिगेट' (१९९४) या दोन्हींना योआकिम होल्बेक यांचं संगीत. आंदर्स थॉमस येन्सन यांच्या 'द ग्रॉने स्लाक्टेरे' (२००३), 'आदाम्स एब्लर' (२००५) आणि २०२० च्या 'रेटफेर्दिहेडेन्स रिट्टेरे'ला येप्पे कास. इतक्या लहान वर्तुळात दिग्दर्शक आणि संगीतकार एकमेकांना ओळखत असतात. पहिलं काम बहुतेक वेळा लघुपटाचं असतं, आणि तो दिग्दर्शक पुढे गेला की संगीतकारही त्याच्याबरोबर जातो. उलटही घडतं. दिग्दर्शक थांबला की संगीतकाराची दहा वर्षं कोरडी जातात. म्हणून एकाच जोडीवर विसंबणं धोक्याचं.

पंचवीसफ्रेम

दुसऱ्या प्रश्नाबद्दल. साधा हिशेब करा. भागाला १५ मिनिटं संगीत धरलं तरी २० भागांचे पाच तास होतात. तेवढं एका माणसानं प्रत्येक भागाचं संकलन संपल्यावर नव्यानं लिहिणं प्रसारणाच्या वेळापत्रकात बसत नाही. म्हणून लांब मालिकेत सहसा चित्रीकरणाच्या आधी किंवा चित्रीकरण चालू असतानाच पटकथेवरून मूळ सूत्रं लिहिली जातात. सहा-आठ सूत्रं, प्रत्येकी तीन-चार मिनिटांची. ती स्टेममध्ये फोडून संकलकाला द्यायची: तालवाद्यं, खालचा ठेका, तंतुवाद्यं, सिंथचे थर, मानवी आवाज आणि एकल वाद्य असे वेगवेगळे ट्रॅक.

याचा मोठा फायदा असा की संकलकाच्या टाइमलाइनवर दुसऱ्या कुठल्या चित्रपटाचं तात्पुरतं संगीत बसत नाही. ते एकदा बसलं आणि निर्मात्यांच्या कानाला त्याची सवय झाली, की संगीतकाराकडे त्याचीच नक्कल मागितली जाते. नक्कल जवळ गेली तर हक्काचा वाद होतो, लांब गेली तर 'आधीचंच बरं होतं' ऐकावं लागतं.

'फोरब्रुडेल्सन'मध्ये प्रत्येक भाग म्हणजे तपासाचा एक दिवस, आणि भागाच्या शेवटी वेगवेगळ्या ठिकाणची पात्रं एकाच सलग संगीतावर दिसतात. संवाद जवळपास नसतात. तो तुकडा मात्र चित्र अंतिम झाल्यावर त्या चित्रासाठीच मोजून बसवावा लागतो. नवं काम मुख्यतः तिथे, बाकीच्या जागा स्टेमच्या वेगवेगळ्या जुळणीतून भरता येतात.

मोजून बसवणं म्हणजे काय ते उदाहरणानं. युरोपातल्या टीव्हीला सेकंदाला २५ फ्रेम. लय मिनिटाला १०० ठोक्यांची धरली तर एक ठोका ०.६ सेकंदाचा, म्हणजे बरोबर १५ फ्रेमचा. ३१.२ सेकंदांवर दार उघडतं आणि तिथे सूर बदलायचा आहे. ५२ ठोके झाले, चार ठोक्यांचा एक बार (आवर्तन) या हिशेबानं १३ बार, आणि बदल चौदाव्या बारच्या पहिल्या ठोक्यावर. सुरेख बसलं.

आता संकलकानं दाराच्या आधीच्या १८ फ्रेम कापल्या. दार आलं ३०.४८ सेकंदांवर, म्हणजे ५०.८ ठोक्यांवर. इथे नवखे लोक लय १०२.३६ करून मोकळे होतात. संगणकावरच्या वाद्यांना ते चालतं. पण तंतुवाद्यं आधीच मुद्रित झाली असतील तर अडीच टक्क्यांची ओढाताण लांब सुरांवर ऐकू येते, गजाचा आवाज पाणचट होतो. त्यापेक्षा आधीच्या एका बारातला एक ठोका काढा, चारऐवजी तीनचा बार करा. बदल ३०.६ सेकंदांवर येतो, दारापेक्षा फक्त तीन फ्रेम उशिरा. तेही नको असेल तर लय १००.३९ करा; ०.४ टक्के कुणालाही कळत नाही. तीन फ्रेम उशीर एकवेळ खपतो, पण संगीत चित्राच्या आधी आलं तर प्रेक्षकाला धक्का आधीच समजतो.

दुसरी ठरलेली चूक २४ आणि २५ फ्रेमची. चित्रपटगृहासाठी २४ फ्रेमवर केलेला चित्रपट टीव्हीवर २५ नं चालवला की सगळं ४.१७ टक्के वेगानं पळतं. ९६ मिनिटांचा चित्रपट ९२ मिनिटं १० सेकंदांचा होतो आणि सूर सुमारे ७१ सेंट वर चढतो (१०० सेंट म्हणजे अर्धा सूर), अर्ध्या सुरापेक्षा थोडा कमी. स्वरपट्टी न सांभाळता केलेल्या टीव्ही प्रतीवरून कुणी धून उतरवली तर मूळ स्वरपट्टी सापडणारच नाही. संगीतकारानं पहिल्याच दिवशी फ्रेमचा वेग लेखी मागून घ्यावा.

स्टेम देताना: ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, सगळ्या फाइली एकाच टाइमकोडपासून (चित्रातल्या वेळेच्या खुणेपासून) सुरू. पहिल्या फ्रेमच्या दोन सेकंद आधी एका फ्रेमचा १ किलोहर्ट्झचा बीप ठेवा, म्हणजे सरकलेली फाइल लगेच पकडता येते. मग तपासणी: सगळे स्टेम एकत्र वाजवा, पूर्ण मिक्सची फेज उलटी करून त्यावर चढवा. पूर्ण शांतता मिळाली पाहिजे. आवाज उरला तर बहुधा मुख्य आउटपुटवर कॉम्प्रेसर (आवाजाचे चढउतार दाबणारी प्रक्रिया) चालू राहिलेला असतो. तो सगळ्या वाद्यांच्या बेरजेवर दाबतो, एकेका स्टेमवर तसा दाबत नाही, म्हणून बेरीज जुळत नाही.

आणि संगीत उणे २३ एलयूएफएसवर (आवाजाची पातळी मोजण्याचं एकक) आणून देऊ नका. ईबीयू आर १२८ या युरोपीय प्रसारण मानकातला तो आकडा संवादासह पूर्ण कार्यक्रमासाठी आहे, संगीताच्या एकेका तुकड्यासाठी नाही.

मंद्रसप्तक

तीनच्या बारचा मुद्दा फार उपयोगी आहे, धन्यवाद. आता पैशांबद्दल कुणी सांगेल का? एकरकमी मानधन की पुढेही काही मिळतं?

हक्कनोंद

दोन्ही, आणि लांब कारकिर्दीत दुसरा भागच टिकवून धरतो.

डेन्मार्कमध्ये सार्वजनिक वादन-प्रसारणाचे हक्क कोडा सांभाळते. ही संस्था १९२६ ची. प्रती काढण्याचे, म्हणजे ध्वनिमुद्रण आणि प्रतिकृतीचे हक्क एनसीबीकडे. सदस्य होताना संगीतकार आपले प्रसारणहक्क कोडाच्या स्वाधीन करतो. त्यानंतर ते हक्क त्याच्या हातात उरत नाहीत, त्यामुळे तो ते निर्मात्याला विकूही शकत नाही. करारात 'सर्व हक्क कायमचे निर्मात्याकडे' असं वाक्य आलं की तिथेच थांबायचं आणि 'कोडा व एनसीबीमार्फत सांभाळले जाणारे हक्क वगळून' अशी ओळ घालून घ्यायची. परदेशी स्ट्रीमिंग कंपन्यांच्या करारांत ही ओळ क्वचितच आपण होऊन असते.

मानधनात आणखी एक खड्डा आहे. एकाच रकमेत लेखन, वादक, स्टुडिओ आणि मिक्स सगळं असेल तर प्रत्येक फेरबदलाचा खर्च संगीतकाराच्या खिशातून जातो. लेखनाची रक्कम वेगळी, ध्वनिमुद्रणाची वेगळी, आणि अंतिम चित्रानंतरच्या बदलांची मर्यादा आकड्यात लिहून घ्यावी. वाद्यवृंदाच्या तीन तासांच्या सत्रात साधारण १० ते १५ मिनिटं संगीत पदरात पडतं. त्यावरून खर्च मांडा.

पुढचे पैसे येतात ते क्यू शीटवरून, म्हणजे कार्यक्रमात वाजलेल्या संगीताच्या यादीवरून. त्यात हवं ते असं: मूळ नाव, इतर देशांतली नावं, भागाचा क्रमांक, प्रत्येक तुकड्याचं नाव, मिनिट-सेकंदांत लांबी, वापराचा प्रकार, म्हणजे शीर्षक, पार्श्वभूमी की दृश्यातच वाजणारं, आणि प्रत्येक हक्कधारकाचा आयपीआय क्रमांक (आंतरराष्ट्रीय ओळखक्रमांक) व वाटा. तोच तुकडा भागात तीनदा आला तर तीन नोंदी. वर सांगितलेल्या स्टेम पद्धतीत हे हमखास राहून जातं, कारण जुळणी संकलकानं केलेली असते आणि यादी दुसरंच कुणीतरी बनवतं.

परदेशी नावांचा मुद्दा किरकोळ वाटतो, पण सर्वाधिक गळती तिथेच. 'फोरब्रुडेल्सन' २००७ ची, इंग्रजीत 'द किलिंग'. २०११ ची अमेरिकन आवृत्तीही 'द किलिंग'च, आणि संगीत दोन्हींना फ्रान्स बाक यांचंच. देश, वर्ष आणि निर्मितीचा क्रमांक नसेल तर परदेशातल्या संस्थेला कोणत्या मालिकेचं प्रसारण कोणत्या यादीशी जोडायचं हेच कळत नाही. न जुळलेली रक्कम तशीच पडून राहते.

'ब्रोएन' हा वेगळा धडा. शीर्षकगीत 'हॉलो टॉक' डॅनिश बँड कॉयर ऑफ यंग बिलीव्हर्सचं, २००८ च्या अल्बममधलं, म्हणजे मालिकेच्या आधीचं. पार्श्वसंगीत मात्र स्वीडिश संगीतकारांचं. तयार गाण्याला दोन परवानग्या लागतात: रचनेची आणि ध्वनिमुद्रणाची. आणि भागाभागाला शीर्षकाची नोंद गाण्याच्या लेखकाच्या नावावर जाते, पार्श्वसंगीतकाराच्या नाही. मालिकेचे ३८ भाग आहेत, तेव्हा शीर्षकसंगीत कुणाचं हा प्रश्न किती मोठा आहे ते लक्षात येईल.

हक्क मृत्यूनंतर ७० वर्षं, तेही वर्षअखेरीपर्यंत. म्हणजे फाब्रिसियुस-ब्येर यांच्या धुना २०९० संपेपर्यंत संरक्षित आहेत.

जुनंरीळ

याला जोडून: 'ओल्सेन बांदेन सेर रॉट' (१९७६) मध्ये टोळी रॉयल थिएटरच्या भिंती फोडत जाते आणि प्रत्येक दणका वाद्यवृंदाच्या दणक्यावर पडतो. ते संगीत फाब्रिसियुस-ब्येर यांचं नाही, फ्रीडरिश कुलाउ यांच्या 'एलव्हरहॉय' (१८२८) ची ओव्हर्चर आहे. कुलाउ १८३२ मध्ये वारले, त्यामुळे रचना मुक्त. ध्वनिमुद्रणाचा हक्क मात्र स्वतंत्र असतो. असं दृश्य करायचं तर क्रम उलटा: संगीत आधी पक्कं, मग त्याच्या ठोक्यांवर कृती आणि कट.

पंचवीसफ्रेम

डॉग्मबद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून. १३ मार्च १९९५ ला कोपनहेगनमध्ये दिग्दर्शक फॉन ट्रिअर आणि थॉमस विंटरबर्ग यांनी सही केलेल्या नियमांत संगीतावर सरसकट बंदी नाही. आवाज चित्रापासून वेगळा तयार करायचा नाही, आणि संगीत हवंच असेल तर ते चित्रीकरणाच्या जागीच वाजलं पाहिजे, असा नियम आहे. परिणाम तांत्रिक होतो. संगीत त्या टेकच्या आवाजाला चिकटलेलं असल्यामुळे प्रत्येक कटला ते तुटतं. म्हणून दिग्दर्शक एक तर लांब टेक ठेवतो किंवा संगीत टाळतो.

पण मालिकांमधल्या संयमाचं श्रेय पूर्णपणे त्याला देणं पटत नाही. फॉन ट्रिअरची 'रिगेट' डॉग्मच्या आदल्या वर्षीची आणि तिला होल्बेक यांचं संगीत आहे. भाषेचं कारण जास्त खरं वाटतं. डॅनिशमध्ये व्यंजनं मऊ पडतात, शब्दांचे शेवट गळतात. १ ते ४ किलोहर्ट्झचा पट्टा संगीतानं भरला की संवाद बुडतो. मग उरतात दोनच जागा: खाली मंद ठेका आणि वर विरळ आवाज किंवा तंतुवाद्याचा एखादा धागा. 'फोरब्रुडेल्सन'मधला संवादाचा कुठलाही प्रसंग घेऊन मधला पट्टा फिल्टरनं वेगळा काढा आणि तिथे संगीत किती उरतं ते ऐका. मग तोच प्रयोग भागाच्या शेवटच्या तुकड्यावर करा.