ऑस्ट्रियाच्या प्रांतप्रमुखांना एवढं बळ हवंच कशाला?

गोदाकाठ

८ डिसेंबर १९८४, शनिवार. ऑस्ट्रियात त्या दिवशी मारियेच्या सणाची सुट्टी, म्हणजे कायद्याने दुकानं बंद. साल्झबुर्ग शहराला खेटून जर्मनीची हद्द आहे. पलीकडच्या फ्रायलासिंगमध्ये, बव्हेरियात, ही सुट्टी नसते. नाताळच्या तोंडावर गिऱ्हाईक तिकडे जाणार हे उघड होतं. साल्झबुर्गचे प्रांतप्रमुख विल्फ्रेड हास्लाउअर यांनी फर्मान काढून दुकानं उघडायला परवानगी दिली. केंद्रातले समाजकल्याणमंत्री आल्फ्रेड डालिंगर यांनी बजावलं, हे चालणार नाही. हास्लाउअर यांनी ऐकलं नाही, दुकानं उघडली. केंद्राने घटना न्यायालयात खटला भरला. १९८५ मध्ये निकाल लागला की त्यांनी कायदा मोडला. शिक्षा? काहीच नाही, फक्त तसा ठपका. ते १९८९ पर्यंत त्याच खुर्चीत होते.

हा किस्सा तिथे आजही कौतुकाने सांगितला जातो. मला त्यात कौतुकाचं काही दिसत नाही.

ऑस्ट्रियात नऊ प्रांत आहेत. प्रत्येकाचा प्रमुख, त्यांच्या भाषेत लांडेसहाउप्टमान, प्रांताच्या विधानसभेतून निवडला जातो. इथपर्यंत आपल्या मुख्यमंत्र्यासारखंच. पण घटनेच्या १०२व्या कलमाने तोच माणूस केंद्राचे बरेचसे कायदेही आपल्या प्रांतात राबवतो, आणि त्या कामात मंत्र्याचा आदेश त्याच्यावर बंधनकारक असतो. कागदावर तो मंत्र्याच्या हाताखालचा. प्रत्यक्षात मंत्र्याचं पद टिकणार की नाही हे पक्षातले बलाढ्य प्रांतप्रमुख ठरवतात. मग आदेश देणार कोण? एर्विन प्रोल १९९२ ते २०१७ लोअर ऑस्ट्रियाचे प्रमुख होते. एदुआर्द वालन्योफर १९६३ ते १९८७ टिरोलचे. त्यांच्यासमोर कितीतरी चान्सलर, म्हणजे केंद्रातले पंतप्रधान, आले आणि गेले.

पैशाचं तर आणखी विचित्र. प्रांत स्वतः फारच थोडा कर गोळा करतात, बाकीचा हिस्सा केंद्राकडून येतो. सक्तीच्या शिक्षणाच्या शाळांतले शिक्षक प्रांताच्या नोकरीत, त्यांच्या पगाराचा भार मात्र केंद्रावर. कर लावल्याच्या शिव्या व्हिएन्नाने खायच्या आणि नव्या शाळेची फीत प्रांतप्रमुखाने कापायची, यात उत्तरदायित्व कुठे राहिलं?

माझं म्हणणं सरळ आहे: जो खर्च करतो त्याने कर लावावा, नाहीतर अधिकार सोडावा. आणि एकाच माणसाला पंचवीस वर्षं खुर्ची नको. स्वित्झर्लंडच्या कँटनांत, म्हणजे तिथल्या राज्यांत, पाच किंवा सात जणांचं सरकार थेट लोक निवडतात, अध्यक्षपद बहुतेक ठिकाणी वर्षावर्षाने फिरतं. तिथे काही अडलेलं नाही.

भीमथडी

पूर्ण असहमत. तुम्ही १९८४ पासून सुरुवात केलीत, मी १९३२ पासून करतो.

प्रशिया म्हणजे त्या वेळच्या जर्मनीचा सुमारे तीन पंचमांश भाग. ऑटो ब्राउन हे सोशल डेमोक्रॅट १९२० पासून, मधले थोडे खंड सोडले तर, तिथले मुख्यमंत्री. २० जुलै १९३२ रोजी चान्सलर फ्रांत्स फॉन पापेन यांनी राष्ट्राध्यक्षांच्या आणीबाणीच्या अधिकाराखाली ते सरकार एका हुकुमाने बरखास्त केलं आणि प्रशियाचे पोलीस केंद्राच्या हाती घेतले. सहा महिन्यांनी हिटलर चान्सलर झाला. गोरिंगला प्रशियाचं गृहखातं मिळालं, म्हणजे सगळं पोलीसदल आयतं मिळालं. जानेवारी १९३४ मध्ये उरलेल्या राज्यांचंही सार्वभौमत्व संपवलं गेलं.

ऑस्ट्रियात १९३८ नंतर काय झालं? जुने प्रांत मोडून नाझी पक्षाचे विभाग, म्हणजे गाऊ, केले, प्रत्येकावर गाउलायटर हा पक्षाचा प्रमुख बसवला. बुर्गेनलांडचे तर दोन तुकडे करून शेजाऱ्यांना वाटून टाकले.

मग १९४५. देश दोस्त राष्ट्रांच्या चार फौजांत विभागलेला. कार्ल रेनर यांचं सरकार सोव्हिएत छत्राखाली व्हिएन्नात उभं राहिलेलं, त्यामुळे पश्चिमेकडच्या प्रांतांचा आणि त्यांच्या मागच्या सैन्यांचा त्यावर विश्वास नाही. सप्टेंबर १९४५ च्या अखेरीस सगळ्या प्रांतांचे प्रतिनिधी व्हिएन्नात जमले. टिरोलचे प्रमुख कार्ल ग्रुबर पश्चिमेच्या बाजूने बोलायला पुढे होते. त्यांनी रेनर सरकारचा विस्तार करून घेतला आणि मग त्याला मान्यता दिली. पुढच्या महिन्यात दोस्तांनीही दिली. जर्मनीची जी फाळणी झाली ती ऑस्ट्रियाची टळली, त्यात या परिषदेचा मोठा वाटा आहे. व्हिएन्ना पांगळं असताना देश प्रांतांनी धरून ठेवला, आणि तुम्ही विचारता बळ कशाला!

दुकानांचं म्हणाल तर नव्वदच्या दशकात केंद्रानेच त्या दिवशी दुकानं उघडायला मुभा दिली. म्हणजे शहाणपण कोणाकडे होतं?

पाऊलवाट

भीमथडी, तुम्ही सांगितलेला इतिहास खरा, पण तो प्रांतांचा इतिहास आहे. प्रश्न प्रांतप्रमुखाचा आहे.

केर्न्टन प्रांतात स्लोव्हेनियन भाषक अल्पसंख्य आहेत. १९५५ च्या राज्यकरारात, म्हणजे ज्याने ऑस्ट्रिया पुन्हा स्वतंत्र झाला त्या करारात, त्यांना द्विभाषिक गावफलकांचा हक्क मिळाला. १९७२ मध्ये फलक लावले तर जमावाने ते उपटून टाकले. २००१ मध्ये घटना न्यायालयाने पुन्हा बजावलं की फलक लावा. प्रांतप्रमुख होता योर्ग हैदर. त्याने काय केलं? २००६ च्या फेब्रुवारीत ब्लायबुर्गला जाऊन एकभाषी फलक काही मीटर सरकवला! फलकाची जागा बदलली म्हणजे जुना निकाल त्याला लागू नाही, असा दावा. न्यायालयाने तोही उडवून लावला, तरी तो बधला नाही. प्रश्न सुटला २०११ मध्ये, १६४ गावांच्या यादीवर तडजोड होऊन. तोवर हैदर मरूनही जवळजवळ तीन वर्षं झाली होती.

देशाच्या सर्वोच्च घटनात्मक न्यायालयाला एक प्रांतप्रमुख इतकी वर्षं वाकुल्या दाखवू शकतो, तर गोदाकाठ यांचा मुद्दा सिद्धच झाला.

सागवान

पाऊलवाट, केर्न्टनचं वाचून संताप येतोच. पण तिथून गाडीने काही तासांवर दक्षिण टिरोल आहे, तेही बघा. पहिल्या महायुद्धानंतर हा जर्मनभाषक मुलूख इटलीकडे गेला. मुसोलिनीच्या काळात तिथली जर्मन शाळा बंद, गावांची नावंसुद्धा बदललेली. युद्धात पाय गमावलेले सिल्विउस माग्नागो १९५७ मध्ये झिग्मुंड्सक्रोन किल्ल्यावर हजारोंच्या सभेत उभे राहिले आणि ‘त्रेंतोपासून वेगळे’ अशी मागणी त्यांनी मांडली, कारण रोमने त्यांना इटालियन बहुसंख्येच्या प्रदेशात कोंबलं होतं. १९६० ते १९८९ ते तिथले प्रांतप्रमुख होते. बॉम्ब फोडणारी माणसं त्यांच्याच समाजात होती, त्या वाटेला ते गेले नाहीत. वाटाघाटी करत १९७२ चा स्वायत्ततेचा कायदा त्यांनी मिळवला.

एकोणतीस वर्षं एकच माणूस! गोदाकाठ यांच्या नियमाने त्यांना मध्येच घरी बसवावं लागलं असतं. रोममध्ये सरकारं वर्ष-दीड वर्षात पडत होती. समोरच्याला दरवेळी तोच, सगळं पाठ असलेला माणूस भेटायचा, म्हणून ते जमलं.

तांबडमाती

स्वित्झर्लंडबद्दल थोडंसं. आपेन्झेल इनररोडन या कँटनमध्ये दोन लांडामान, म्हणजे सरकारप्रमुख, असतात, दर दोन वर्षांनी सूत्रं एकाकडून दुसऱ्याकडे जातात. एकाची मक्तेदारी नाही. तरीही १९९० च्या एप्रिलमध्ये तिथल्या पुरुषांनी उघड्या मैदानात हात वर करून बायकांना कँटनमध्ये मताधिकार नाकारला. तो दिला त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात संघीय न्यायालयाने. खुर्ची फिरती ठेवली की सगळं आलबेल, असं नाही.

गोदाकाठ

सर्वांचे आभार. माग्नागोंबद्दल दुमत नाही. पण त्यांची लढाई परक्या बहुसंख्येशी होती. लोअर ऑस्ट्रियाला व्हिएन्नापासून कसलं संरक्षण हवंय?

आणि प्रांत मोडा असं मी कुठेही म्हटलेलं नाही. माझा रोख बंद दाराआडच्या सत्तेवर आहे. जर्मनीत राज्यांची सरकारं बुंडेसराटमध्ये, म्हणजे राज्यांच्या सभागृहात, बसतात. ६९ मतं, प्रत्येक राज्याला ३ ते ६, आणि राज्याची सगळी मतं एकगठ्ठाच द्यावी लागतात. मार्च २००२ मध्ये स्थलांतराच्या कायद्यावर ब्रांडेनबुर्गचे मुख्यमंत्री मानफ्रेड श्टोल्पे ‘हो’ म्हणाले आणि त्यांच्याच सरकारातले य्योर्ग श्योनबोम ‘नाही’. बुंडेसराटच्या अध्यक्षांनी ‘हो’ धरलं, सभागृहात गदारोळ झाला, डिसेंबरमध्ये घटना न्यायालयाने तो कायदाच रद्द केला. भांडण झालं ते कॅमेऱ्यासमोर. कोण काय म्हणालं ते नोंदलेलं आहे.

ऑस्ट्रियातही बुंडेसराट आहे, पण ते दुबळं. खरी ताकद नऊ प्रमुखांच्या परिषदेत. घटनेने ती निर्माण केलेली नाही, तिथलं काही जनतेसमोर येत नाही, आणि त्यांनी एकमताने नकार दिला की केंद्राची सुधारणा बहुधा तिथेच संपते.

हिपो आल्पे आद्रिया बँकही आठवा. केर्न्टनने तिच्या कर्जांना दिलेली हमी हैदरच्या काळात २० अब्ज युरोंच्या वर गेली. प्रांताच्या वार्षिक अंदाजपत्रकाच्या कितीतरी पट! २००९ च्या डिसेंबरात बँक केंद्राला ताब्यात घ्यावी लागली. भार साऱ्या देशाच्या करदात्यांवर.

भीमथडी

हिपोचा मुद्दा मान्य, तिथे बचाव करण्यासारखं काही नाही. परिषदेची कामकाजनोंद जाहीर करा, हीही मागणी योग्य.

पण इलाज जपून करा. जर्मन घटनेच्या ३७व्या कलमाने केंद्राला कर्तव्य न पाळणाऱ्या राज्यावर सक्ती करता येते. १९४९ पासून ते एकदाही वापरलेलं नाही. आपलं ३५६ कलम एकट्या महाराष्ट्रात १९८०, २०१४ आणि २०१९ असं तीनदा लागलं. दोन्हीकडे तरतूद आहे. तिकडे केंद्राला हात आखडता घ्यावा लागतो तो मुख्यमंत्री वजनदार आहेत म्हणून. कोल, श्र्योडर आणि शोल्त्स राज्यं चालवूनच चान्सलर झाले, त्यामुळे तिथे बसलेल्या माणसाला दिल्लीसारखं वागणं परवडत नाही.

आणि कर लावायचा अधिकार प्रांतांना दिलात तर प्रोलसारखा माणूस दुबळा होईल की दुप्पट बलवान? याचं उत्तर तुम्ही अजून दिलेलं नाही.