कोर्टाची ऑर्डर येऊन 9 महिने झाले, ऑफिस ढिम्म. कंटेम्प्ट (कोर्टाच्या अवमानाची याचिका) टाकावी का?

बीडकर_पोरगा
बाबा शिक्षक होते, रिटायर झालेत. वेतननिश्चितीतल्या फरकासाठी हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका केली होती, जानेवारीत आमच्या बाजूने निकाल लागला, तीन महिन्यांची मुदत दिलेली. ती एप्रिलमध्ये संपली आणि आता ऑक्टोबर चालू आहे. ऑफिसात गेलं की फाइल वर गेलीये, साहेब मीटिंगला आहेत, आम्ही अपील करणार आहोत, दर वेळी नवीनच. वकील म्हणतात कंटेम्प्ट टाकू, बाबा म्हणतात साहेब लोकांशी वैर कशाला. कोणाला अनुभव आहे का? साहेबाला खरंच जेल होते का हो?

काळा_कोट
आधी ऑर्डरचा शेवटचा पॅरा नीट वाचा, सगळं तिथंच आहे. 'रक्कम द्या' असं लिहिलंय की 'अर्जावर निर्णय घ्या'? दुसरं असेल तर ते उद्या अर्ज फेटाळून मोकळे होतील, निर्णय घेतला ना म्हणतील, कंटेम्प्ट तिथंच संपली आणि तुम्हाला परत नवीन रिट. निम्मे लोक इथंच फसतात.
'पैसे द्या' असेल तर वेळ घालवू नका. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्याचं कलम 20, कंटेम्प्ट टाकायची मुदत, अवमान झाल्यापासून एक वर्ष. म्हणजे तुमचं एप्रिलपासून मोजायचं, साहेब गोड बोलून वर्ष काढतात ते उगाच नाही. आणि नुसतं अपील केलं म्हणजे स्टे (निकालाला स्थगिती) मिळाला असं नसतं, स्टेची ऑर्डर दाखवा म्हणावं.

चहा_बिस्किट
जेलबिल काही होत नाही ओ, कलम 12 मध्ये जास्तीत जास्त 6 महिने साधी कैद आणि दंड किती तर 2,000 रुपये!! माफी मागितली की सुटले. आमच्या काकांच्या केसमध्ये साहेबांनी हात जोडले, विषय संपला.

काळा_कोट
@चहा_बिस्किट काकांना पैसे मिळाले का ते सांगा ना.
आणि कधीच होत नाही असं नाही. 2006 मध्ये आरा गिरण्यांच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने आपल्याच राज्याचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक-एक महिना आत पाठवलं होतं.

चहा_बिस्किट
मिळाले, नोटीस निघाल्यावर पंधरा दिवसांत 😅

निवृत्त_लिपिक
मी टेबलाच्या पलीकडे 30 वर्षं बसलोय म्हणून सांगतो. कंटेम्प्टमध्ये नावानिशी पार्टी करतात, पदाच्या नावाची नोटीस आली तर ती टपालात फिरते पण साहेबाचं स्वतःचं नाव दिसलं की तेच फाइल शोधत खाली येतात. पण आदेश मुद्दाम पाळला नाही हे दाखवावं लागतं, आणि 'आम्हाला ऑर्डर मिळालीच नाही' हे पहिलं उत्तर ठरलेलं. त्यामुळे सर्टिफाइड कॉपी आवक-जावकला देऊन शिक्का घेतलाय का? मधे साहेब बदलले असतील तर नवीन साहेबांनाही परत कॉपी द्या, नाहीतर तो म्हणेल मी कालच आलो. वैराचं म्हणाल तर ते आजोबांना सांगा, बाबू लोक मनात ठेवत नाहीत, पुढची फाइल असतेच समोर.

बीडकर_पोरगा
ऑर्डर काढून बघितली, शेवटी 'पे' असंच आहे, 'डिसाइड' नाही. आणि बाबांनी फेब्रुवारीतली पोच, गोल शिक्का आणि आवक नंबरसकट, एलआयसीच्या पिशवीत जपून ठेवलीये, मला माहीतच नव्हतं. साहेब मात्र जूनमध्ये बदललेत. सोमवारी नवीन साहेबांना कॉपी देतो, आणि @निवृत्त_लिपिक काका, आजोबा नाही हो, वडील आहेत माझे 🙏