रंगऊर्जेवर सत्ता चालवणारी श्रेणी: तिची पकड नेमकी कशावर ठेवावी?

शाईचा_डाग
कादंबरीसाठी कथाविश्व बांधतोय. रंगात ऊर्जा असते आणि ती वापरायचा परवाना फक्त एका श्रेणीकडे, म्हणजे रंगाऱ्यांच्या संघाकडे आहे. तानापिहिनिपाजा, म्हणजे सात शाखा, आणि वर एक महारंगारी. तांबड्याने उष्णता, निळ्याने स्थैर्य, हिरव्याने जखम भरणे अशी वाटणी केली आहे. अडचण अशी की रंग पानात, मातीत, रक्तात, सगळीकडे आहे. मग कुणीही फूल खुडून जादू का करू नये? पहारे बसवले तर श्रेणी नुसतं पोलीसखातं वाटते. तिची सत्ता आतून पटायला काय करावं? आणि जांभळा सर्वांत ताकदवान ठेवला तर चालेल का?

तुरटी
रंगाचा ताबा श्रेणीला देऊच नका. रंग टिकवण्याचा द्या.

मंजिष्ठेची मुळं कुणीही उकळेल, पण नुसत्या पाण्यातून लोकरीवर चढलेला रंग फिका असतो आणि धुण्यात उतरतो. धागा आणि रंग यांना जोडायला रंगबंधक लागतो, बहुतेक वेळा तुरटी. कोरड्या लोकरीच्या वजनाच्या १० ते १५ टक्के तुरटी गरम पाण्यात पूर्ण विरघळवायची, लोकर आधी भिजवून मगच त्यात सोडायची, हळूहळू ८० अंशांपर्यंत न्यायची, तासभर ठेवायची आणि त्याच पाण्यात निवू द्यायची. कोरडी लोकर टाकली की डाग पडतात. नंतर मंजिष्ठेचं पाणी ७० अंशांच्या खाली राखायचं, नाहीतर मुळातली तपकिरी द्रव्यं सुटून तांबड्याचा विटकरी होतो. तुरटीच्या जागी लोखंडाचा क्षार घेतला तर तीच मंजिष्ठ काळपट जांभळी उतरते, आणि क्षार जास्त झाला तर लोकर ठिसूळ होते.

हे सगळं जसंच्या तसं तुमच्या जादूत उतरवता येईल. फुलातली ऊर्जा कुणीही काढो, ती घटकाभरात विरते. देहात, शस्त्रात किंवा भिंतीत ती बांधायची तर बंधक क्षार हवा, आणि त्याच्या खाणी श्रेणीच्या हाती. चुकीचा बंधक वापरला तर तीच ऊर्जा वेगळं काम करते आणि धारण करणाऱ्याला आतून झिजवते. खाणी हाती ठेवून सत्ता चालवणं इतिहासात घडलंय. पंधराव्या शतकात युरोपला लागणारी चांगली तुरटी मुख्यतः तुर्कांच्या ताब्यातल्या प्रदेशातून येई. १४६१ च्या सुमारास पोपच्या राज्यात टोल्फा इथे तुरटीचा साठा सापडला, आणि पोपनी ख्रिस्ती व्यापाऱ्यांना तुर्की तुरटी घ्यायला बंदी घातली. पहारे हवेतच कशाला?

लोलक
जांभळ्याबद्दल. ७०० नॅनोमीटरच्या तांबड्या प्रकाशकणाची ऊर्जा साधारण १.८ इलेक्ट्रॉन-व्होल्ट, ४०० नॅनोमीटरच्या जांभळ्याची ३.१. म्हणजे कणाला कण तोलला तर जांभळा पावणेदोन पट, दहापट नव्हे. शिवाय एकूण ऊर्जा कणांच्या संख्येवरही ठरते, त्यामुळे तांबड्याचा मोठा झोत जांभळ्याच्या बारीक तिरिपेला सहज भारी पडेल. तुमच्या शाखांमध्ये खरी चुरस यातून निर्माण होते, ती घालवू नका.

साताचा आकडाही राजकीय ठेवा. वर्णपटात रेघा आखलेल्या नसतात. न्यूटनने आधी पाच रंग धरले होते, नंतर नारिंगी आणि पारवा मिळवून सात केले, संगीताच्या सात स्वरांशी मेळ बसावा म्हणून. आणि राणी रंग लोलकातून कधीच निघत नाही. तांबडा आणि निळा-जांभळा प्रकाश डोळ्यात एकदम पडला की मेंदू तो घडवतो. श्रेणीच्या कुठल्याच वहीत न बसणारी ही आठवी ऊर्जा बंडखोरांना द्या.

एक पथ्य मात्र पाळा: प्रकाश मिसळला की उजळतो, द्रव्य मिसळलं की काळवंडतं. तांबडा आणि हिरवा प्रकाश मिळून पिवळा होतो, त्याच रंगांचे लेप मिळून मळकट तपकिरी. सातही शाखांचा एकत्र विधी प्रकाशाचा की द्रव्याचा, हे पहिल्या प्रकरणातच ठरवा.

पिंपातली_नीळ
शाखा रंगावर न पाडता कृतीवर पाडा. मध्ययुगीन युरोपात बऱ्याच शहरांत तांबड्याचा परवाना असलेल्या रंगाऱ्याला निळा रंगवायची मनाई होती. दोन्ही कृतींतलं अंतरही मोठं. नीळ पाण्यात विरघळत नाही, तिला अल्कधर्मी पाण्यात प्राणवायू काढून घेऊन विरघळवावं लागतं. पिंप तयार झालं की वर तांबूस झाक असलेला निळा फेस आणि खाली पिवळट-हिरवं पाणी दिसतं. कापड बाहेर येतं तेव्हा हिरवट असतं आणि हवा लागताच काही मिनिटांत निळं होतं. कापड आपटून बुडवलं तर बुडबुड्यांबरोबर हवा आत जाते आणि पिंप बिघडतं. गडद निळा हवा असेल तर एकदाच तासभर ठेवण्यापेक्षा थोडा थोडा वेळ पुन्हा पुन्हा बुडवायचं, दरवेळी हवेत सुकवून.

तेव्हा निळ्या शाखेच्या उमेदवाराची परीक्षा ताकदीची नको, हात पाण्यात न खळबळवता नेण्याची ठेवा.

शाईचा_डाग
बंधक क्षार पक्का. पण चोरून बांधलेली ऊर्जा श्रेणीचे तपासनीस ओळखणार कशी? आणि शेवटी श्रेणी कोसळवायची आहे.

तुरटी
ओळख उजेडाने. दोन वेगळ्या रंगद्रव्यांची कापडं दिव्याखाली हुबेहूब सारखी दिसतात आणि उन्हात नेली की वेगळी पडतात. तपासनिसाला मूळ नमुन्याची पट्टी आणि दोन प्रकारचे उजेड द्या. उत्तम नकलाकार तोच, जो दोन्ही उजेडांत टिकतो.

कोसळण्यासाठी बंदी आणि पर्याय, दोन्ही लागतील. फ्रान्समध्ये निळा रंग देणाऱ्या स्थानिक वनस्पतीचे उत्पादक वाचावेत म्हणून १६०९ मध्ये नीळ वापरणाऱ्याला देहदंड ठरवला होता, १७३७ मध्ये ती खुली करावी लागली. युरोपातल्या मंजिष्ठेची शेती मात्र कायद्याने मोडली नाही. तिच्यातलं मुख्य रंगद्रव्य, अ‍ॅलिझरिन, १८६९ पासून डांबरातून बनू लागलं आणि शेतं ओस पडली. पण त्या कृत्रिम तांबड्यालाही तुरटी लागतच होती. म्हणजे कुणी कृत्रिम रंगऊर्जा शोधली तरी तुमची श्रेणी तगेल. ती पडायला दुसऱ्या डोंगरात क्षार सापडावा लागेल, किंवा बंधकाशिवाय चिकटणारा रंग.