मदत हवी: मुलांचं नाटक 'कालप्रवासी पक्षी रक्षक मंडळ', रानपिंगळा 113 वर्षं होता कुठं?

शहाद्याचे_सर
नमस्कार मंडळी. मी शहादा तालुक्यात शिक्षक आहे. जानेवारीत स्नेहसंमेलन आहे आणि यंदा सातवीच्या पोरांनी स्वतःच नाटक रचलंय. त्यात एक गुप्त मंडळ आहे, कालप्रवासी पक्षी रक्षक मंडळ. काही पक्षी एका काळातून उडतात आणि थेट दुसऱ्या काळात उतरतात, उतरल्या उतरल्या त्यांना कोणी मारू नये म्हणून हे मंडळ रात्रंदिवस पहारा देतं. हे त्यांच्या डोक्यात आलं कारण मी वर्गात रानपिंगळ्याची, म्हणजे रानातल्या छोट्या घुबडाची गोष्ट सांगितली होती, 1884 ला खानदेशात शेवटचा नमुना (संग्रहासाठी पेंढा भरून ठेवलेला पक्षी) मिळाला आणि मग एकदम 25 नोव्हेंबर 1997 ला आपल्या शहाद्याजवळच परत दिसला. एक मुलगी उठून म्हणाली, सर मग मधली 113 वर्षं तो होता कुठं? मी काहीतरी उत्तर दिलं पण तिचं समाधान झालं नाही आणि खरं सांगायचं तर माझंही नाही.
दोन गोष्टी हव्यात. मंडळाच्या यादीत अजून कोणते खरे पक्षी घालावेत? आणि खलनायक कोण करावा? पोरांनी पाड्यावरचा एक फासेपारधी शिकारी लिहिलाय, ते मला पटेना. प्रेक्षकांत त्याच पाड्यांवरचे आईबाप बसणार आहेत.

सागपान
सर खलनायक तयारच आहे, आणि तो शिकारी नाही, तारखांचा चोर आहे! रिचर्ड माइनर्ट्झहागेन नावाचा ब्रिटिश लष्करी अधिकारी, पक्षीतज्ज्ञ म्हणून मोठं नाव. त्याच्या संग्रहात रानपिंगळ्याचा एक नमुना होता, चिठ्ठीवर लिहिलेलं 1914, मांडवी, गुजरात. म्हणजे जग समजत होतं की पक्षी 1914 पर्यंत तरी होता आणि गुजरातेत होता. पुढे पामेला रासमुसेन आणि नायजेल कॉलर या पक्षीशास्त्रज्ञांनी तो नमुना एक्स-रे वगैरे काढून तपासला तर तो जेम्स डेव्हिडसनने 1884 ला खानदेशात जमवलेला निघाला. ब्रिटिश म्युझियममधून चोरलेला, आतला कापूस काढून पुन्हा भरलेला. डेव्हिडसनने तो पक्षी मिळवला तेव्हा हा माइनर्ट्झहागेन सहा वर्षांचा होता.
मग रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड ॲबट 1997 ला भारतात आले ते खोटी चिठ्ठी बाजूला ठेवून, जिथले नमुने खरे तिथंच शोधायचं ठरवून. आधी पूर्वेकडे छत्तीसगडच्या बाजूला शोधलं, तिथं नाही मिळाला, मग शहादा. तुमच्या मंडळाचं पहिलं काम हेच ठेवा, पक्ष्याची खरी तारीख आणि खरं गाव जपणं. मला तर हा सीन डोळ्यासमोर दिसतोय, चोर रात्री येऊन चिठ्ठ्या बदलतोय आणि मुलं त्या परत लावतायत.

काटेरी_माळ
जेर्डनचा धाविक घ्याच. 1900 नंतर कोणालाच दिसला नव्हता, 1986 च्या जानेवारीत आंध्रात कडप्पा जिल्ह्यात बीएनएचएसच्या (बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी) भरत भूषण यांना मिळाला. इतकी वर्षं का नाही दिसला तर हा पक्षी रात्री फिरतो आणि साहेबलोक शोधायचे दिवसा. पण तिथल्या गावच्या पक्षी पकडणाऱ्यांना तो माहीत होता, तेलुगूत त्याला नावसुद्धा होतं, कलिवि कोडि. त्यांच्यातल्याच एकाने रात्री बॅटरीच्या उजेडात तो पकडून आणून दिला. तो पक्षी जगला नाही, याचं वाईट वाटतंच, पण त्याच्यामुळे पुढे तिथं अभयारण्य झालं.
म्हणून सर तुमचा तो पाड्यावरचा शिकारी काढून टाकू नका, त्याला मंडळात घ्या. त्याच्याशिवाय मंडळाला पक्षी कुठं उतरतो ते कळणारच नाही.

खाडीकाठची_निशा
यादीसाठी: बर्म्युडाचा कहाऊ. समुद्रपक्षी, 1620 च्या सुमारास संपला असं धरलेलं, 1951 ला खडकाळ बेटांवर परत सापडला, म्हणजे तीनशे वर्षांच्यावर! शोधणाऱ्यांबरोबर डेव्हिड विंगेट नावाचा 15 वर्षांचा मुलगा होता, तुमच्या पोरांपेक्षा थोडाच मोठा, त्याने पुढचं सगळं आयुष्य त्या पक्ष्याला दिलं, त्यांच्यासाठी हाताने बिळं बांधली. कहाऊच्या बिळात दुसरे मोठे पक्षी घुसून पिल्लं मारायचे म्हणून बिळाच्या तोंडाला बरोब्बर कहाऊच जाईल एवढ्या भोकाची फळी बसवली. मंडळाचा सभासद असाच पाहिजे.
न्यूझीलंडचा ताकाहे हा न उडणारा पक्षी पण आहे, 1898 नंतर दिसला नाही, 1948 ला परत सापडला.
आणि कॅलेंडरवरचा आख्खा दिवस ज्याला उडी मारून ओलांडता येतो असा गॉडविट, हा किनाऱ्यावरचा स्थलांतर करणारा पक्षी. 2022 ला त्याचं एक पिल्लू अलास्काहून टास्मानियाला न थांबता 11 दिवसांत 13,560 किमी गेलं. वाटेत आंतरराष्ट्रीय वाररेषा ओलांडली की कॅलेंडरचा एक दिवस गायब.

पानगळ
सगळं छान चाललंय पण मला एक खटकतंय ते बोलतेच. पक्षी काळात उडी मारून आपोआप परत येतो असं मुलांच्या मनात बसलं तर जंगल तुटलं तरी काय बिघडलं, येईल की शंभर वर्षांनी, असं वाटणार नाही का? रानपिंगळा कुठंच गेला नव्हता. तो दिवसा वावरणारा घुबड आहे, सागाच्या रानात सकाळच्या उन्हात उघड्या फांदीवर बसतो. 113 वर्षांत त्याच्या कितीतरी पिढ्या तिथंच जन्मल्या आणि मेल्या. आपण बघितलं नाही एवढंच. नैनितालजवळ 1876 ला शेवटची मिळालेली हिमालयी लावरी अजून परत आलेली नाही. गुलाबी डोक्याचं बदकसुद्धा नाही. यादीत ही दोन नावं पण घाला सर, आणि स्टेजवर त्यांच्यासाठी दोन रिकाम्या फांद्या ठेवा.

कुडमुडे
मी सोलापूरकडचा. लहानपणी आमच्याकडे उजाडायच्या आधी पिंगळा म्हणजे भविष्य सांगणारा जोशी यायचा, हातात कंदील, कुडमुड्याचा (छोट्या डमरूसारख्या वाद्याचा) आवाज, दारात उभा राहून घरातल्यांचं पुढचं भविष्य सांगायचा. त्याला पिंगळा पक्ष्याची भाषा कळते असं सगळे मानायचे. तुमच्या मंडळाचा म्होरक्या तो करा ना, पुढच्या काळातलं पक्ष्याकडून ऐकून येणारा. एरवी पिंगळा ओरडला की लोक अपशकुन म्हणून दगड मारतात, इथं तोच आधी सावध करेल.

शहाद्याचे_सर
काय बोलू, सगळ्यांचे मनापासून आभार. आज मधल्या सुट्टीत मुलांना वाचून दाखवलं. पानगळ ताई, तुमचं म्हणणं त्या मुलीला मी आधी सांगितलं, ती दोन मिनिटं गप्प बसली आणि मग म्हणाली की सर मग काळात प्रवास त्या साहेबांनी केला, पिंगळा तर घरीच होता. आता शेवटच्या प्रवेशात हेच वाक्य ती म्हणणार आहे आणि पिंगळ्याचं कामही तिलाच दिलंय. शिकारी आता मंडळाचा वाटाड्या झाला, त्याचं काम करणाऱ्या पोराचे आजोबा खरंच सातपुड्यात गुरं चारायचे, तो त्यांना विचारून पक्ष्यांचे आवाज बसवतोय. चिठ्ठ्या बदलणारा चोर व्हायला मात्र कोणी तयार नाही, बहुतेक मलाच करावं लागणार.
कुडमुडे भाऊ, खरं कुडमुडं कुठं मिळेल? की डबडं आणि दोरा घेऊन घरी बनवता येईल?