जुन्या चोरीच्या सिनेमांची फाइल 700 एमबीचीच का?

रीळप्रेमी:
2000 च्या आसपास नेटवर फिरणारे पायरेटेड सिनेमे बहुतेक 700 एमबीचे असत. मूळ डीव्हीडीवर तोच सिनेमा 6-7 जीबी खातो. हा आकडा आला कुठून? आणि डीव्हीडीचं कुलूप तुटण्याशी त्याचा काही संबंध?

बिटमोजणी:
आकडा कोऱ्या सीडीचा. 80 मिनिटांच्या सीडीत 700 एमबी मावतात, म्हणून आधी आकार ठरायचा आणि बिटरेट, म्हणजे दर सेकंदाला किती बिट खर्च करायचे ते, त्यावरून काढायचा. 700 एमबी म्हणजे सुमारे 58.7 लाख किलोबिट. सिनेमा 100 मिनिटांचा असेल तर 6000 सेकंदांनी भागा: सेकंदाला 978 किलोबिट. त्यातले 128 एमपी3 आवाजाला, उरलेले 850 चित्राला. 640×272 आकाराला तेवढे पुरतात. तीन तासांच्या हिंदी सिनेमात मात्र चित्राच्या वाट्याला जेमतेम 415 येतात. पाऊस, धूर, गाण्यातली गर्दी, सगळीकडे चौकोन पडतात. म्हणून हिंदी सिनेमा दोन सीडींवर.

कुलूपकिल्ली:
संबंध आहे, आणि थेट आहे. चित्र पुन्हा दाबायचं, म्हणजे लहान फाइलीत बसवायचं, तर आधी ते उलगडावं लागतं. डीव्हीडीची नक्कल रोखणाऱ्या सीएसएस या कुलपाची किल्ली फक्त 40 बिटांची. झिंग कंपनीच्या प्लेअरमध्ये ती नीट लपवलेली नव्हती. ऑक्टोबर 1999 मध्ये हे कुलूप उघडणारं डीसीएसएस (DeCSS) सॉफ्टवेअर बाहेर आलं. किल्ली रद्द केली तरी ते नव्या तबकड्यांपुरतंच. विकल्या गेलेल्या तबकड्या कशा बदलणार? ते बनवणाऱ्यांपैकी एक, नॉर्वेचा योन लेक योहानसन, याच्यावर खटला झाला, 2003 मध्ये तो निर्दोष सुटला. स्वतः विकत घेतलेली डीव्हीडी बघण्याचा हक्क न्यायालयाने मान्य केला, आणि तो निकाल योग्यच होता.

बिटमोजणी:
एक भर. दाबण्याचं काम ‘डिव्हएक्स 3.11’ने केलं. मायक्रोसॉफ्टचा एमपीईजी-4 कोडेक (चित्र दाबणारं आणि उलगडणारं सॉफ्टवेअर) एव्हीआय या प्रकारची व्हिडिओ फाइल बनवू देत नव्हता. ती अट या फोडलेल्या आवृत्तीने काढून टाकली. तरी डायल-अपवर सेकंदाला 5 केबी धरले तर 700 एमबीला 40 तास लागतात, तेही लाइन तुटली नाही तर. 2001 मध्ये बिटटोरंट आलं, फाइलचे तुकडे अनेकांकडून एकाच वेळी उतरू लागले, आणि खरा पूर तेव्हापासून आला.

रीळप्रेमी:
अशा फाइलींत ओठ आणि आवाज जुळत नसत, ते का?

कुलूपकिल्ली:
बऱ्याचदा चित्र युरोपच्या डीव्हीडीचं आणि आवाज अमेरिकेच्या. सेकंदाला 24 फ्रेमचा सिनेमा युरोपच्या डीव्हीडीवर 25 ने पळवतात, म्हणून 100 मिनिटांचा 96 मिनिटांत संपतो. दहाव्या मिनिटालाच सुमारे 24 सेकंदांचा फरक. आवाज नुसता पुढेमागे सरकवून भागत नाही, 4 टक्क्यांनी आक्रसावा लागतो. सुरुवातीला जुळतं आणि हळूहळू सुटत जातं, तर कारण हेच असण्याची शक्यता जास्त. पहिल्यापासून शेवटपर्यंत सारखाच फरक असेल तर सरकवलेलं पुरतं.